कार्यक्रम कोणाचा? दूरचित्रवाणीचा आरंभकाळ आणि जाहिरातदार

माहुलीकर (सातारा)

भारतातील दूरचित्रवाणीचा इतिहास सांगताना १५ सप्टेंबर १९५९ रोजी दिल्लीत सुरू झालेले प्रायोगिक प्रक्षेपण, २ ऑक्टोबर १९७२ रोजी सुरू झालेले मुंबई केंद्र आणि १९८२ मधले रंगीत चित्र हे टप्पे आवर्जून सांगितले जातात. या सगळ्याचा खर्च कोणी उचलला, हे मात्र सहसा कोणी विचारत नाही. तो प्रश्न धरून मागे गेलो, तर आणखी दोन तारखा समोर येतात. १ जानेवारी १९७६ पासून दूरदर्शनवर जाहिराती दाखवल्या जाऊ लागल्या आणि ७ जुलै १९८४ रोजी 'हम लोग' ही मालिका सुरू झाली. पहिल्या घटनेने जाहिरातदाराला कार्यक्रमांच्या मधली काही सेकंदे मिळाली. दुसऱ्या घटनेने तो कार्यक्रमाच्या निर्मितीतच येऊन बसला. या दोन्ही गोष्टींना आपण सरसकट 'जाहिराती आल्या' असे म्हणतो, आणि त्यामुळे त्यांच्यातला फरक नजरेआड होतो.

हा फरक स्पष्ट दिसण्यासाठी अमेरिकेतला क्रम पाहावा लागेल. तिथे दूरचित्रवाणी जन्माला आली तेव्हा रेडिओवरच्या जाहिरातींची घडी आधीच बसलेली होती. न्यूयॉर्कच्या डब्ल्यूईएएफ या नभोवाणी केंद्राने २८ ऑगस्ट १९२२ रोजी सदनिका विकणाऱ्या एका कंपनीला दहा मिनिटे विकली आणि त्याबद्दल पन्नास डॉलर घेतले. पुढे साबणाच्या कंपन्यांनी दुपारच्या वेळी गृहिणींसाठी रोजच्या कौटुंबिक कथा सुरू केल्या. १ जुलै १९४१ रोजी न्यूयॉर्कमध्येच बेसबॉलच्या सामन्यापूर्वी बुलोव्हा घड्याळाची दहा सेकंदांची जाहिरात पडद्यावर झळकली, तिचा खर्च नऊ डॉलर होता. महायुद्धानंतर कार्यक्रमांच्या नावातच मालकाचे नाव येऊ लागले. चीज विकणाऱ्या क्राफ्ट कंपनीचे नाट्यगृह, टेक्साको तेल कंपनीचा विविधरंगी कार्यक्रम, कॅमल सिगारेटचे बातमीपत्र अशी ती नावे होती. कार्यक्रमाची कल्पना, लेखक आणि कलाकार यांची निवड जाहिरातसंस्थेच्या कचेरीत होई, आणि वाहिनी प्रामुख्याने वेळ भाड्याने देई. कॅमलच्या बातम्यांत सिगार ओढणारा माणूस दिसू नये, असा दंडक होता. त्यातून सूट मिळाली ती फक्त विन्स्टन चर्चिल यांना.

या व्यवस्थेत काय घडू शकते, याचे मला सर्वांत बोलके वाटणारे उदाहरण १९५९ मधले आहे. सीबीएस वाहिनीवर न्यूरेंबर्गच्या खटल्यावरचे नाटक सादर होत होते आणि प्रायोजकांमध्ये गॅस कंपन्यांची संघटना होती. नाझींच्या छळछावण्यांतील विषारी वायूच्या कोठड्यांचा उल्लेख आला की 'गॅस' या शब्दापुरता आवाज बंद केला जाई. नटाचे ओठ हलताना दिसत, आणि लाखो माणसे ज्या वायूने मारली गेली त्याचे नाव मात्र ऐकू येत नसे. घरोघरच्या शेगडीचे नाव त्या वायूशी जोडले जाऊ नये, एवढ्यासाठी हे करण्यात आले.

त्याच वर्षी प्रश्नमंजूषांचे प्रकरण शिगेला पोहोचले. जेरिटॉल या टॉनिकने प्रायोजित केलेल्या 'ट्वेंटी-वन' या कार्यक्रमात स्पर्धकांना उत्तरे आधीच पुरवली जात होती. कोणी जिंकायचे आणि कोणी हरायचे, हे प्रेक्षकांच्या ओढीवरून ठरत होते. चार्ल्स व्हॅन डोरेन या लोकप्रिय विजेत्याने नोव्हेंबर १९५९ मध्ये संसदीय समितीपुढे ते कबूल केले. १९६० मध्ये अशा बनावट स्पर्धा कायद्याने गुन्हा ठरल्या. निर्मितीचा खर्च वाढल्यामुळे एकट्या कंपनीला पूर्ण कार्यक्रम पोसणे जड जाऊ लागलेच होते, आता वाहिन्यांनी कार्यक्रमांची सूत्रे आपल्या हाती घेतली आणि अनेक जाहिरातदारांना थोडाथोडा वेळ विकण्याची पद्धत रूढ झाली.

माझे म्हणणे असे, की अमेरिकेने पोळल्यानंतर जी वाट सोडली तीच वाट पंचवीस वर्षांनी आपण धरली. 'हम लोग'मागे मॅगी नूडल्स बनवणारी कंपनी उभी राहिली. त्याच वर्षी आलेल्या 'ये जो है जिंदगी'मागे विको होती. आपल्या भागात त्या काळी दुकान चालवणारे, संच दुरुस्त करणारे, शाळेत शिकवणारे जे कोणी इथे असतील त्यांनी आपला अनुभव आणि मतभेद अवश्य मांडावेत.

गणपती पेठ (सांगली)

माहुलीकर साहेब, आमचे सांगलीत घाऊक किराणा आणि साबण-सोड्याचे दुकान होते. वडिलांच्या हाताखाली मी त्याच वर्षांत गादीवर बसू लागलो, त्यामुळे व्यापाऱ्याच्या बाजूने लिहितो.

जाहिरातींपूर्वी आमच्याकडे मालाला भाव होता, नावाला फारसा नव्हता. तासगाव, कवठेमहांकाळ, जत या बाजूचा किरकोळ दुकानदार आठवड्याच्या बाजाराआधी येई आणि 'धुण्याची पावडर द्या, बरी असेल ती द्या' एवढेच सांगे. कोणती द्यायची ते आम्ही ठरवत असू, आणि ज्या मालात आम्हाला दोन पैसे अधिक सुटत तो माल आपोआप 'बरा' ठरे. निरमाने ही घडी पहिल्यांदा मोडली. करसनभाई पटेल यांनी १९६९ मध्ये अहमदाबादेत सुरू केलेली ही पावडर सर्फच्या जवळजवळ पाव किमतीत मिळे. तिचे गाणे आधी रेडिओवरून आणि मग पडद्यावरून घरोघरी गेल्यावर गिऱ्हाईक नाव घेऊन माल मागू लागले. खेड्यातल्या ज्या घरात टीव्ही नव्हता त्या घरातल्या मुलांनाही ते गाणे पाठ होते. त्यानंतर ललिताजींची जाहिरात आली. अर्धा किलो सर्फ हे एक किलो स्वस्त पावडरीच्या बरोबरीचे आहे, हा हिशेब एक गृहिणी भाजी घेता घेता ठणकावून सांगते, आणि तोच हिशेब आमच्या गिऱ्हाइकांच्या बायका दुकानाच्या पायरीवर आम्हाला ऐकवू लागल्या. ती जाहिरात हिंदीत होती, पण कोणाचे काही अडले नाही.

याला दुसरी बाजूही होती. एका मोठ्या कंपनीच्या वितरकाने जाहिरात चालणाऱ्या मालाबरोबर न चालणाऱ्या मालाची खोकी आमच्या गळ्यात मारायला सुरुवात केली. पूर्वी नाही म्हणता येत असे. आता गिऱ्हाईक नाव घेऊन मागत असल्यामुळे तो माल दुकानात नसणे परवडत नव्हते. कार्यक्रम कोणाच्या हाती गेला हे आपण सांगितलेत. दुकानातला शब्द आमच्या हातून गेला, हे मी सांगतो. तरीही गिऱ्हाइकाचे त्यात नुकसान झाले, असे मला प्रामाणिकपणे म्हणता येत नाही, कारण आमच्या 'बऱ्या' मालापेक्षा त्याला ठरलेल्या वजनाचा आणि छापील किमतीचा पुडा मिळू लागला.

कृष्णाकाठ (मिरज)

अमेरिकेचे उदाहरण पटले, परंतु आपली आकाशवाणी आणि पुढे दूरदर्शन या संस्था बीबीसीच्या वळणावर उभ्या राहिल्या होत्या. ब्रिटनमध्ये जाहिराती कशा आल्या, यावर कोणी लिहील का?

माहुलीकर (सातारा)

ब्रिटनचे उदाहरण घेतल्याशिवाय माझे म्हणणे पुरे होत नाही, म्हणून आपण विचारलेत ते बरे झाले.

बीबीसीने नोव्हेंबर १९३६ मध्ये लंडनच्या अलेक्झांड्रा पॅलेसमधून नियमित दूरचित्रवाणी सुरू केली, ती परवाना शुल्कावर आणि जाहिरातींविना. खासगी वाहिनीला परवानगी द्यावी का, यावर पन्नाशीच्या दशकाच्या आरंभी तिथे मोठे वादंग माजले. त्यातच जून १९५३ मध्ये राणी एलिझाबेथ यांचा राज्याभिषेक झाला. त्या सोहळ्याच्या अमेरिकेतील प्रसारणात एनबीसी वाहिनीने आपल्या सकाळच्या कार्यक्रमातले जे. फ्रेड मग्स नावाचे चिंपांझी मधूनमधून दाखवले आणि जाहिरातीही चालवल्या. ती बातमी लंडनला पोहोचल्यावर विरोधकांच्या हाती कोलीतच मिळाले. तरीही १९५४ मध्ये कायदा झाला, पण त्या वादामुळे तो सावधपणे लिहिला गेला. कार्यक्रम प्रायोजित करता येणार नाही, जाहिरात ही कार्यक्रमापासून वेगळी ओळखू आली पाहिजे आणि ती कार्यक्रमाच्या स्वाभाविक विरामातच आली पाहिजे, अशी बंधने त्यात घातली गेली. २२ सप्टेंबर १९५५ रोजी आयटीव्ही सुरू झाली आणि गिब्ज एसआर या टूथपेस्टची जाहिरात पहिली लागली. पहिला मान कोणाला द्यायचा हे चिठ्ठ्या टाकून ठरवले होते. त्याच संध्याकाळी बीबीसीने आपल्या लोकप्रिय नभोवाणी मालिकेतली एक तरुण नायिका आगीत मृत्युमुखी पडल्याचे ऐकवले. दुसऱ्या दिवशी लोकांच्या तोंडी नव्या वाहिनीपेक्षा तीच गोष्ट अधिक होती.

म्हणजे जाहिरातीचे पैसे घेऊनही कार्यक्रमाची दोरी जाहिरातदाराच्या हाती न देण्याचा एक नमुना १९५५ पासून उपलब्ध होता. १९७६ मध्ये आपण साधारणपणे त्याच मार्गाने निघालो होतो. विविध भारतीवर तर १९६७ पासूनच जाहिराती होत्या आणि तिथे प्रायोजित कार्यक्रमही झाले. १९८४ मध्ये वळण घेण्याची गरज काय होती, हा माझा प्रश्न आहे.

उंच अँटेना (कराड)

त्या प्रश्नाचे उत्तर अर्थशास्त्रात शोधण्याआधी मनोऱ्यांकडे पाहावे, असे मी सुचवतो. मी त्या काळी कराडमध्ये संच बसवण्याचा आणि दुरुस्तीचा व्यवसाय करत होतो.

१९७३ मध्ये सिंहगडावरून पुण्यासाठी पुनःप्रक्षेपण सुरू झाले आणि मुंबईचे कार्यक्रम घाटाच्या अलीकडे आले. या लहरी सरळ रेषेत जातात, त्यामुळे वाटेत डोंगर आला की काम अडते. सातारा जिल्ह्यात तर जिथे पाहावे तिथे डोंगर आहे. एकाच गावात उंचावरच्या आळीत चित्र बरे येई आणि ओढ्याकाठच्या आळीत नुसत्या मुंग्या दिसत. लोक तीन-तीन पाइप एकमेकांत अडकवून अँटेना उभारत आणि तिला तारांचे ताण देत. खाली एकाने पडद्याकडे पाहत 'आलं, आलं, गेलं' असे ओरडायचे आणि वर दुसऱ्याने पाइप फिरवायचा, यात संध्याकाळ जाई. बूस्टर लावला तर चित्राबरोबर मुंग्याही वाढत. इतक्या खटपटीनंतर दिसणाऱ्या चित्रासाठी कोणता जाहिरातदार मोठी रक्कम मोजणार होता?

१९८३ मध्ये इन्सॅट-१बी उपग्रह आकाशात गेला आणि चित्र पालटले. १९८४ मध्ये तर काही महिने देशात जवळजवळ रोज एक या वेगाने प्रक्षेपण केंद्रे उभी राहिली. त्यांतली बहुतेक शंभर वॉट क्षमतेची होती आणि शहर व भोवतालची गावे एवढाच त्यांचा पल्ला असे. आज साताऱ्यात अजिंक्यताऱ्यावर मनोरा दिसतो, तसे मनोरे गावोगावच्या टेकड्यांवर दिसू लागले. ही लहान केंद्रे उपग्रहावरून दिल्लीचा राष्ट्रीय कार्यक्रम घेत. परिणामी अनेक ठिकाणी चित्र आरशासारखे स्वच्छ आले, परंतु ज्या मराठी कार्यक्रमांसाठी लोकांनी पाइप उभे केले होते ते त्या केंद्रावरून दिसेनात. 'गजरा' कधी दिसणार, असे गिऱ्हाईक मला विचारत. तो दोष माझ्या अँटेनाचा नाही, हे समजावून सांगता सांगता माझ्या नाकी नऊ येत.

आता यातून आपल्या विषयाला लागू पडणाऱ्या दोन गोष्टी निघतात. पहिली अशी, की मनोरे झपाट्याने उभे राहिले, पण त्यांच्यावरून दाखवायला पुरेसे कार्यक्रम नव्हते आणि ते बनवण्याइतके मनुष्यबळ व पैसा दूरदर्शनकडे नव्हता. ती पोकळी भरण्यासाठी प्रायोजक हवा होता. दुसरी अशी, की साताऱ्यात, सांगलीत आणि पाटण्यात एकाच क्षणी एकच चित्र दिसू लागल्यामुळे जाहिरातदाराला एका फटक्यात सगळा देश मिळाला. पूर्वी तो केंद्रवार विचार करत होता. आता त्याला अख्ख्या मालिकेचा खर्च उचलणे परवडू लागले. माहुलीकर साहेब, ते वळण धोरणाच्या आधी तंत्राने घेतले, असे माझे मत आहे.

वाडीकर (पलूस)

चर्चा अमेरिका, ब्रिटन आणि दिल्ली अशी फिरत आहे, म्हणून आपल्या जिल्ह्यातले एक उदाहरण नोंदवतो. ते दूरचित्रवाणीचे नाही, तरी मूळ प्रश्नाला थेट भिडणारे आहे.

तेव्हा औंध संस्थानात असलेल्या किर्लोस्करवाडीत लोखंडी नांगर बनवणाऱ्या कारखान्याने १९२० मध्ये 'किर्लोस्कर खबर' सुरू केले. कारखान्याची आणि तिथल्या मालाची माहिती लोकांपर्यंत पोहोचवणे, हा त्याचा आरंभीचा हेतू होता. म्हणजे आजच्या भाषेत तो प्रायोजित मजकूरच होता. परंतु शं. वा. किर्लोस्कर यांच्या हाती त्याचे एक स्वतंत्र, सुधारणावादी मासिक झाले, १९३० मध्ये 'स्त्री' निघाले, १९३४ मध्ये 'मनोहर' आले आणि मराठी मध्यमवर्गाच्या विचारांना दोन पिढ्या त्या मासिकांनी खाद्य पुरवले. आमच्या घरी माझ्या आजीकडे 'स्त्री'चे जुने अंक बांधून ठेवलेले होते. नांगर विकणाऱ्या कारखान्याचा त्या अंकांशी काय संबंध, असा प्रश्न तिला कधी पडला नसेल.

तेव्हा पैसा कारखानदाराचा आहे म्हणून मजकूर त्याच्याच फायद्याचा निघतो, असा नियम करता येत नाही. संपादकाच्या खुर्चीत कोण बसले आहे आणि मालक त्याला किती मोकळीक देतो, यावर बरेच अवलंबून असते. अमेरिकेतसुद्धा पन्नाशीच्या दशकातली उत्तम दूरचित्रनाट्ये चीज, पोलाद आणि मोटारी विकणाऱ्या कंपन्यांच्या पैशांवरच उभी राहिली होती.

मेणवली (वाई)

मी शिक्षिका होते आणि आमच्या भागात दूरदर्शनचे आगमन मी वर्गाच्या बाजूने पाहिले. वाडीकर दादांचे म्हणणे मला मान्य आहे, पण या चर्चेत प्रेक्षक कुठे आहे, असे मला विचारावेसे वाटते.

प्रायोजक नसलेली दूरचित्रवाणी कशी असते, हे आपण प्रत्यक्ष पाहिले आहे. १९७५-७६ या एका वर्षात 'साइट' या उपग्रह प्रयोगाने सहा राज्यांतल्या सुमारे चोवीसशे खेड्यांत सामुदायिक संच ठेवून शेती, आरोग्य आणि शिक्षणाचे कार्यक्रम दाखवले. महाराष्ट्र त्यात नव्हता. गुजरातेतल्या खेडा जिल्ह्यात त्याच सुमारास सुरू झालेल्या प्रकल्पात गावातल्या माणसांनाच कॅमेऱ्यापुढे आणून मजुरी, कर्ज आणि जातिभेद यांवर बोलते केले गेले, तेही एकाही जाहिरातीशिवाय. आपल्याकडे मुंबई केंद्राच्या 'ज्ञानदीप' कार्यक्रमातून प्रेक्षकांची मंडळे उभी राहिली. लोक नुसते बघत न बसता बचत, साक्षरता, स्वच्छता अशी कामे करू लागले. 'आमची माती आमची माणसं' पाहून पेरणीची चर्चा करणारे पालक मी शाळेच्या ओट्यावर ऐकले आहेत. हे सगळे रटाळ होते, असे आज सरसकट म्हटले जाते, ते अन्यायाचे आहे.

त्याचबरोबर हेही सांगायला हवे, की जाहिरातदार नव्हता म्हणून तो पडदा मोकळा नव्हता. आणीबाणीत त्यावर काय दिसत होते, ते आपण विसरलेलो नाही. जाहिराती सुरू झाल्या त्या १९७६ च्या पहिल्या दिवशी देशात आणीबाणीच होती. जाहिरातदाराचे पैसे आले, पण सरकारचा हात काही निघाला नाही. अमेरिकेत कार्यक्रमाला एक धनी होता, आपल्याकडे दोन झाले.

'हम लोग'कडे मी या नजरेने पाहते. मेक्सिकोतल्या मिगेल सबिडो यांच्या मालिकांचा आदर्श ठेवून कुटुंबनियोजनाचा संदेश द्यावा, हा सरकारचा मूळ हेतू होता. सुरुवातीच्या भागांत तो संदेश ठळक होता आणि लोकांना तो रुचला नाही. मनोहर श्याम जोशी यांच्या लेखणीने मग बडकी, छुटकी, नन्हे यांच्या संसाराकडे मोर्चा वळवला, संदेश पातळ झाला आणि मालिका देशभर गाजली. शेवटी अशोककुमार येऊन प्रेक्षकांशी बोलत तेव्हा आमच्या चाळीतल्या बायका त्यांना घरातल्या वडीलधाऱ्यासारखे उत्तर देत. हा बदल प्रायोजकामुळे झाला की प्रेक्षकांमुळे? मला तरी त्यात प्रेक्षकांचा वाटा मोठा दिसतो.

एक मुद्दा मात्र कोणीच मांडला नाही. संच घेतला की टपाल कचेरीत जाऊन परवाना काढावा लागे आणि दरवर्षी शुल्क भरावे लागे. ते शुल्क १९८५ मध्ये रद्द झाले. लोकांना आनंद झाला, मलाही झाला. पण ज्या काळात प्रायोजक आला त्याच काळात प्रेक्षकाने थेट पैसे देणे थांबले, हे लक्षात घ्या. पूर्वी आवडले नाही तर 'आम्ही शुल्क भरतो' असे पत्रात लिहिता येत होते. पुढे तेच पैसे आपण साबणाच्या वडीतून आणि नूडल्सच्या पुड्यातून भरू लागलो, ज्याच्या घरी संच नव्हता तोही भरू लागला, आणि पत्रात लिहायला ते वाक्य उरले नाही.

गणपती पेठ (सांगली)

मेणवली ताई, आपला शेवटचा मुद्दा व्यापारी म्हणून मला पूर्ण पटतो. जाहिरातीचा खर्च शेवटी पुड्याच्या किमतीत धरलेला असतो. सांगली हे हळदीचे गाव आहे, म्हणून एक गोष्ट सांगतो. विको टर्मरिकची जाहिरात लागली की आमच्या पेठेतले हळदीचे व्यापारी मोठ्या कौतुकाने पाहत, कारण जी वस्तू आम्ही पोत्यांनी विकत होतो तीच नळीत भरून किती मोलाची होते, हे त्यांना डोळ्यांसमोर दिसत होते. त्यांच्यातल्या काहींनी पुढे आपल्या हळदीची पाकिटे नाव छापून विकायला काढली.

आमच्या दुकानाच्या त्या काळातल्या मागणीच्या वह्या माळ्यावर आहेत. कोणत्या मालाची मागणी कधी वाढली, ते त्यांतून काढता येईल.

माहुलीकर (सातारा)

उंच अँटेना यांनी दाखवलेला कार्यकारणभाव महत्त्वाचा आहे आणि मेणवली ताईंचा परवाना शुल्काचा मुद्दा त्याला पूरक आहे. या दोन्हींमुळे १९८४ चे वळण का आले, ते उलगडते. तरीही ते तसेच यायला हवे होते का, हा प्रश्न उरतो, आणि तिथे माझे मत कायम आहे. पैसे जाहिरातींतून उभे करायचे, पण ते एका सामायिक निधीत घालून कार्यक्रम स्वतंत्रपणे बनवायचे, हा मार्ग ब्रिटनच्या अनुभवामुळे ठाऊक होता. आपल्याकडे पी. सी. जोशी यांच्या अध्यक्षतेखाली १९८२ मध्ये नेमलेल्या कार्यगटानेही दूरदर्शनला भारतीय व्यक्तिमत्त्व असावे, खेडी आणि स्त्रिया पडद्याच्या मध्यभागी याव्यात, असा आग्रह धरला होता. त्याचा अहवाल हाती आला तोवर प्रायोजित मालिकांची रांग लागलेली होती.

जाहिरातदाराला आवर घालता येतो, याचा दाखला अमेरिकेतच आहे. सिगारेटच्या जाहिराती तिथे १ जानेवारी १९७१ च्या मध्यरात्रीपर्यंत चालल्या आणि त्यानंतर कायद्याने पडद्यावरून गेल्या. बातम्यांत सिगार दिसू न देणाऱ्या उद्योगाला ते सोसावे लागले. आपल्या दूरदर्शननेही तंबाखू आणि दारू यांच्या जाहिराती घेतल्या नाहीत, हे त्याच्या श्रेयात धरले पाहिजे.

गणपती पेठ यांना एक विनंती आहे. त्या वह्यांतून जुलै १९८४ ते डिसेंबर १९८५ हा 'हम लोग'चा काळ, जानेवारी १९८७ पासूनचा 'रामायण'चा काळ आणि ऑक्टोबर १९८८ पासूनचा 'महाभारत'चा काळ वेगळा काढावा. पावडर, टूथपेस्ट आणि नूडल्स या तीन मालांचीच मागणी प्रथम पाहावी, कारण तिघांच्याही जाहिराती होत्या. शक्य झाल्यास तासगाव-जत बाजूच्या दुकानदारांची आणि सांगली शहरातल्या दुकानदारांची मागणी स्वतंत्र मांडावी. जिथे चित्र स्वच्छ पोहोचत होते आणि जिथे पोहोचत नव्हते, तिथे फरक पडला का, ते उंच अँटेना यांच्या मदतीने आपल्याला तपासता येईल.